धोट्याचं तोंड

चौथं प्रकरण नऊ महिने अडलंय
अ‍ॅग्नेस डॉयलपाशी.
मॅसॅच्युसेट्समधल्या कुठल्याशा नदीकाठची विणकरीण,
आयरिश, वय एकोणीस, चौकशी समितीपुढे उभी.
म्हणते : कांडी बदलली की
धोट्याच्या भोकाला ओठ लावायचे
आणि श्वासासकट धागा ओढायचा,
दिवसाला दोन-तीनशे वेळा.
माझ्या आधीचीला खोकला होता. धोटा तोच होता.

खाली मी टीप लिहिली :
कामगार याला ‘चुंबन’ म्हणत.
क्षय पसरतो म्हणून पुढे कायद्यानं बंद.

काळाचौकीच्या खोलीत पंखा घरघरतो.
टेबलावर अ‍ॅग्नेसची साक्ष, झेरॉक्सची झेरॉक्स,
आणि चहाच्या कपाखाली
माझ्या आजोबांचा गिरणीचा पास :
धाकू भागोजी. खातं रिंग.
सव्वीस वर्षं, खातं रिंग.

लहानपणी विचारलं होतं,
आबा, साच्यावर का नाही गेलात? पगार तर तिकडे जास्त.
ते मशेरी लावत होते. चूळ भरली, म्हणाले,
‘तिथं तोंड लावावं लागतं.’
मला वाटलं, जॉबरच्या तोंडी लागावं लागत असेल.
आबा तसे भांडकुदळ नव्हतेच.

अठ्ठावन्नाव्या वर्षी कळलं, तेही
एका आयरिश पोरीकडून.
तिला धोटा नकोसा झाला होता.
आबांना तो कुणी दिलाच नाही,
कारण त्यांच्या ओठांनंतर
त्या भोकाला दुसरा कुणी ओठ लावला नसता.
छाती ठणठणीत होती त्यांची.

तिकडच्या संपादिकेचं पत्र आलंय, फार सभ्य :
मुंबईचा परिच्छेद विषयाबाहेरचा वाटतो,
गाळता येईल का?

शुक्रवारी चोरबाजारात धोटा मिळाला,
पितळी टोकं, वर ताजं पॉलिश.
‘मेणबत्ती लावा मधे, शोभेल,’ दुकानदार म्हणाला. साडेआठशे.
घरी आणला, दार लोटलं,
भोकाला ओठ लावले, ओढला श्वास.
वॉर्निशची चव.
मग आतून कुठूनतरी सुटलेला
कापसाचा एक कण थेट घशात.
खोकत राहिलो. बायको आतून ओरडली, पाणी पी आधी.

पाणी प्यालो.
टीप उचलून वर मजकुरात आणली,
अ‍ॅग्नेसच्या लगेच खाली धाकू भागोजी.
संपादिकेला उत्तर अर्धं लिहून झालंय.
‘बाटणं’ला इंग्रजीत काय म्हणायचं
तेवढं अजून सापडत नाही.