अंदाजे

ट्रेव्हर एंटविसलनं तीनदा विचारलं,
खरंच कापू का?
काप म्हटलं. जाड स्टीलचं ताट,
कधी कुणाला वाढलंही नाही त्यात,
अ‍ॅक्रिंग्टनच्या या घरात
आता ताटं लागतात तरी किती.

कात्री गेली ती नेमकी अक्षरांतून.
एका तुकड्यावर राहिलं
‘मिरज टपाल कचेरी, सर्व सह’
आणि दुसऱ्यावर ‘कारी, १९८१’.
मोठा तुकडा ऋण बाजूला लाव, मी म्हटलं,
तिकडे वायू दुप्पट निघतो, धातूही झिजत नाही.
शाळेच्या प्रयोगशाळेत बावीस वर्षं
परीक्षानळ्या विसळल्या आहेत,
एवढं कळतं.

लोणच्याची रिकामी बरणी,
धुण्याचा सोडा चमचाभर
(मीठ टाकायला निघाला होता, हात धरला),
गाडीची बॅटरी चार्ज करायचं त्याचं जुनं यंत्र,
नळीचं दुसरं टोक टबात, पालथ्या बाटलीखाली.
बाटलीवर माझ्या नेलपॉलिशच्या खुणा,
वाकड्या, पण मोजून घातलेल्या.
शेडमध्ये काडी ओढायची नाही
हे त्याला सांगावं लागलं नाही.
एकतीस वर्षं तो दारोदार
गॅसचे मीटर वाचत हिंडला.
घरी कुणी नसलं, कुत्रं आडवं आलं,
की वहीत आकड्यापुढे ‘ई’ लिहायचा.
ई म्हणजे अंदाजे.

पाच अँपिअर. दहा मिनिटं.
नाव घालणाऱ्यानं ठोकलेल्या ठिपक्याठिपक्यातून
बुडबुडे सुटले,
आधी ‘मि’ची वेलांटी, मग ‘ट’चं पोट,
सगळी ओळ उकळल्यासारखी पांढरी.
काय लिहिलंय? त्यानं विचारलं.
ऑफिसातले सगळे, मी म्हटलं. लग्नाला दिलं होतं.
सगळे म्हणजे किती?
अकरा.

हिशेब सांगत होता पाचशे साठ मिलिलिटर.
बाटलीत आले पाचशे दहा.
त्यानं भिंतीवरचा थर्मामीटर पाहिला, नऊ अंश,
फेब्रुवारीच्या थंडीत गॅससुद्धा अंग चोरून बसतो,
म्हणून वीस वजा केले.
तीस तरीही बेपत्ता.

मी बोटं मोजत होते.
पोस्टमास्तर खाडिलकर. तारेवरच्या शकुंतला आवटी.
बचत खात्याचे दोघे, एक तोतरे.
मनीऑर्डरचे हणबर. तीन पोस्टमन.
मी धरून नऊ, आणि मी मला कशाला धरलं,
ताट तर मला दिलेलं.

रात्री अडीचला इसाक तांबोळी आठवला,
शिक्क्याच्या गादीला शाई घालायचा.
वर्गणीत दोन रुपये कमी पडले त्याचे,
पगार झाल्यावर आणून दिले,
ताट घेऊन झालं होतं तेव्हा.
त्या दोन रुपयांचं पुढे काय झालं
ते आठवेना.

सकाळी त्यानं बुचाला व्हॅसलीन फासलं.
बरणीतलं पाणी एव्हाना तांबूस झालेलं;
मोरीत नको ओतू, म्हटलं,
वेगळ्या कॅनमध्ये ठेव.
नवं पाणी, पुन्हा सोडा, पुन्हा दहा मिनिटं.
पाचशे पंचवीस.

पंधरा उरले.
त्यानं वहीत पंधरा लिहिले,
पुढे ई लिहिला नाही.
म्हणाला, घरात आहे कुणीतरी,
दार उघडत नाहीत, एवढंच.

मी बाटली भरून पुन्हा पालथी घातली.