केसाच्या वाटेनं

सकाळी सहाला कत्तलखान्यातून डुकराचे कान येतात,
बर्फाच्या डब्यात, एकावर एक,
ऐकायचं ते सगळं ऐकून झालेले.
लोरेनी त्यांची मागची कातडी सोलते,
चरबी खरवडते, जाडी मोजते
आणि काचेच्या दोन पेल्यांमध्ये आवळून बसवते.
वर औषध. खाली खारं पाणी.
बत्तीस अंश.
तळाशी एक इवला चुंबक गरगरत राहतो.
तासातासाला सुईनं थोडं पाणी ओढायचं
आणि बघायचं, पलीकडे कोणी पोचलं का.

तिचे कण असे, की केसाच्या जाडीत
पाचशे ओळीनं उभे राहतील.
पॉलिमरचं कवच, पोटात औषध.
कवचही काही फार परकं नाही,
झिजलं की त्याचं जे आम्ल होतं
तेच विरजलेल्या दुधात असतं,
धावून आलेल्या पोटरीत असतं.

चार महिने झाले. एकशे बारा कान.
खालचं पाणी नितळ.
प्रोफेसर मारिस्तेला विचारतात, यंत्र तपासलंस?
तपासलं.
शेजारच्या टेबलावरून मी बघते,
ती वहीत शून्य लिहिते,
आणि शून्याला आणखी एकदा गिरवते.

रविवारी ती मला घरी नेते, नोव्हो हाम्बुर्गोला.
ब्राझीलचं हे जोड्यांचं गाव.
तिच्या भाषेत बापाला 'पाय' म्हणतात.
मला पहिल्यांदा हसू आलं होतं,
मग एर्विनोंचे हात पाहिले.

एकतीस वर्षं चामड्याच्या कारखान्यात,
ड्रमात निळं क्रोमियम, कोपरापर्यंत ओलं.
आता हातांना भेगा, खपल्या,
मातेचा पेला धरतात तो दोन मनगटांत.
आमच्याकडे उपकार फेडायचे तर
अंगाच्या कातड्याचे जोडे करून घालतात, म्हणायला.
या माणसानं खरोखर घातले,
आणि कोणाचं काय फेडलं, कोण जाणे.

लोरेनी त्यांना शून्यं सांगते.
ते गरम पाण्याचा घोट घेतात, नळी बाजूला करतात.
"कातडं म्हणजे बंद दार, पोरी.
पण केस गेला की त्याचं भोक राहतं.
रंग आधी तिथून शिरायचा, ठिपक्याठिपक्यांनी.
आम्ही ड्रमाशी उभं राहून बघायचो.
तू पलीकडे कशाला शोधतेस?
मध्येच बघ ना."

सोमवारी तिनं पाणी ओतून दिलं
आणि कातडीच उभी चिरली, पापुद्र्याएवढी,
लाल रंग भरलेले कण लावलेली.
मला हाक मारली नाही, नुसता बाही ओढली.
भिंगाखाली केसांच्या विहिरी होत्या
आणि प्रत्येकीच्या तळाशी
कुणीतरी चूल पेटवली होती.
पलीकडे कोणी गेलंच नव्हतं.
जायचंही नव्हतं.
मुरायचं होतं, लोणच्यासारखं,
आणि सावकाश सोडत राहायचं होतं
पोटातलं.

तिनं बापाला फोटो दाखवला.
त्यांनी चष्मा कपाळावरून खाली घेतला,
बराच वेळ बघितलं,
आपली पालथी मूठ फोटोशेजारी ठेवली.
पांढरे केस, मुळाशी लाली.
"म्हणजे इथून."
"इथून. पण अजून खूप वर्षं लागतील, पाय."
"लागू देत."
मग त्यांनी मूठ उलटली, उघडली.
सगळ्यात खोल भेगा तिथे.
"आणि इथे?"

तळहातावर केस नसतात.
हे तिला पुस्तकातून ठाऊक होतं,
पण ते तिला आत्ता, या टेबलाशी, कळलं,
जिथे तिला तळहातावरच्या फोडासारखं
जपलं होतं कुणी.

ती काही बोलली नाही.
पेल्यात पाणी ओतलं, त्यांच्या मनगटांत दिलं,
तापलं नाही ना, ते आधी पाहून.

मंगळवारी पावणेसहाला
तिचा कत्तलखान्याला फोन चालू होता, मी दारात उभी:
"कान नकोत आता.
हो, सगळे रद्द.
टाचेखालची कातडी हवी, बिनकेसांची.
पाय पाठवा."