आकडा

कोपरखैरण्यात, जिन्याखालच्या माझ्या दुकानात
हौसाबाई रांजणे दोन फोन घेऊन आल्या.
एक नवऱ्याचा. चालू, पण उघडत नाही.
दुसरा त्यांचा. तो सताड उघडा,
आणि सगळं गेलं ते त्यातूनच.

रांजणे मामा कांदा-बटाटा मार्केटात माथाडी.
माघात गेले. फोनची नक्षी बोटातच घेऊन गेले.
नऊ ठिपक्यांवरून अंगठा कसा वळायचा
घरात कुणी कधी पाहिलंच नव्हतं.
आत नातीच्या बारशाचे फोटो,
मामांनी काढलेले, अर्ध्यांत त्यांचंच बोट आलेलं.

बाई वीस दिवस ठिपके जोडत बसल्या.
फोन म्हणायचा, तीस सेकंदांनी या.

मग पुतण्याला कुणीतरी लिंक धाडली.
एवढीशी. एक टिंब, एक तिरपी रेघ, सहा अक्षरं.
कुठलाही लॉक दोन मिनिटांत.

आमच्या जावळीकडे दारात आलेल्याला
तांब्या देता देता गाव विचारतात,
मग कुणाचा, मग मामा कुठले.
ह्या पाहुण्याला गाव नव्हतं, आडनाव नव्हतं,
सगळंच छाटून आखूड केलेलं.
तरी घेतला आत.

मेसेज वाचू का? हो.
नंबर बघू का? हो.
दुसऱ्यांच्या पडद्यावर माझा पडदा टाकू?
बाई म्हणाल्या, दहाव्याला भटजी म्हणतील तिथं
पाणी सोडत गेले, तसंच केलं बघा.

मग सहा आकडे आले
आणि बाईंनी चष्मा शोधायच्या आत कुणीतरी वाचले.

माझा बापही माथाडी. त्याचा आकडा
अजून दाराआड खिळ्याला आहे.
लाकडी मूठ, वाकडं टोक.
पोत्यात शिरताना आवाज करत नाही,
ओढल्यावरच कळतं.
फंडाचे एक लाख अठरा हजार.

एकोणीस-तीसला फोन लावून दिला.
तक्रारीचा नंबर मिळाला, लांबलचक. बाईंनी तो
मामांच्या पासबुकाच्या पाठीवर लिहून घेतला.

अनोळखी लिंक उघडू नये, वगैरे सांगत होतो
आणि सांगता सांगता माझा लॅपटॉप हळूच मिटला.
दोन वर्षांपूर्वी मीही असंच एक फुकटचं घेतलं होतं,
असल्याच आखूड लिंकवरून.
अँटीव्हायरस बंद करा, म्हणालं. केला.
अडीचशे रुपयांना एक, असे चाळीसेक फोन उघडले.
त्या चाळीस घरांतलं काय कुठं गेलं
मला विचारायला अजून कुणी आलेलं नाही.

मामांचा फोन परत केला.
म्हटलं, आतलं सगळं पुसलं तरच उघडेल.
पुसून उघडायचा तर कशाला, म्हणाल्या.
चार्जिंगची पिन तेवढी नीट करून द्या.
पहाटे साडेतीनला गजर होतो अजून, मार्केटचा.
तो बंद करायला
नक्षी लागत नाही.