नऊ सेकंद

आर्तत्राण महांती गेले तेव्हा कटकच्या पेपरात
चार ओळी आल्या. त्यातही आडनाव चुकलं.
मी त्यांचा रेकॉर्डिस्ट. एकोणतीस वर्षं
काचेच्या अलीकडे मी, पलीकडे ते.
बोलणं फारसं नव्हतंच.
हात वर : चालू. हात खाली : पुरे.

पहिला सिनेमा मिळाला, कारण
निर्मात्याच्या मेव्हण्याला पेटी वाजवता येईना.
पाच गाणी. मद्रासचा स्टुडिओ, तोही रात्रीचा,
रात्री भाडं निम्मं.
मी तेव्हा टेपांची पेटी उचलायचो.
व्हायोलिनवाले स्वर तमिळमध्ये उतरवून घेत,
हे ओडियात गाऊन दाखवत,
आणि पहाटे चारला अठरा माणसं
एकही शब्द न कळता
काठजोडी नदीतल्या नावेबद्दल वाजवत होती.

तेच पाचवं गाणं कापलं. लांबी जास्त झाली म्हणे.
मारामारी ठेवली.
त्यांनी बिडी पेटवली, विचारलं, टेप?
पुसून परत वापरतात, महांतीबाबू.
बरं, म्हणाले.

पुढे सिनेमे आटले. बक्सी बाजारात
कापडदुकानाच्या डोक्यावर एक खोली,
भिंतींना अंड्यांचे ट्रे,
कीबोर्ड, त्यातला वरचा नी मुका.
मालिका रोजची. सासू वळली की दणका,
सून दचकली की तोच दणका, उलटा.
दार उघडताना बासरी. दार लागताना
बासरीवाल्याचे पैसे वाचावेत म्हणून शांतता.
शांतता फुकट देतो, असं ते निर्मात्याला हसत म्हणाले,
त्याने ते हिशोबात धरलं.
अकराशे भाग.
सध्या काय करता, कुणी विचारलं तर सांगत,
दारं उघडतो.

मग एका मंगळवारी,
प्रसंग संपून जाहिरात लागायच्या आधी
नऊ सेकंद रिकामे होते, तिथे
त्यांनी बोट ठेवलं आणि माझी मान वर झाली.
नाव. काठजोडी. पहिली अर्धी ओळ.
माझ्याकडे त्यांनी पाहिलंच नाही.
हात खाली.

पुढची अर्धी महिन्याने. कधी सहा महिन्यांनी.
सुनेचं रडणं, सासऱ्याचा लकवा,
हरवलेल्या जुळ्याचं परत येणं,
यांच्या फटीफटीतून
एक कापलेलं गाणं घरोघर जात राहिलं.
भात वाढता वाढता कुणी ऐकलं असेल.
नसेलही.

अकराव्यानंतर मी ते तुकडे हुडकले, जोडले.
सांधे दिसतात. एक तुकडा वरच्या पट्टीत,
एकात पंख्याची घरघर.
आणि दुसऱ्या अंतऱ्याची एक ओळ नाहीच.
तारखा लावून पाहिल्या.
त्या आठवड्यात मी रजेवर, धाकटीचं लग्न.
बदलीवरच्या पोराने
जाहिरात नऊ सेकंद आधी सोडली होती.
महांतीबाबू मला कधी बोलले नाहीत.
लग्नाला मात्र आले होते, उशिरा,
न जेवता गेले.

नाव तिथे पात्राच्या मधोमध थांबते.
दर वेळी मी
हात वर करतो.