घाम म्हणजे ऊन

तिसऱ्या रेल्वे गेटपाशी खेमचा मोमोंचा गाडा.
सगळं बेळगाव त्याला बहादूर म्हणतं,
त्यानं कधी दुरुस्त केलं नाही.
मी पाट्या रंगवतो, अक्षर चुकलं की मला झोप येत नाही,
म्हणून मी एकटा खेम म्हणतो.

रात्री अकराला पातेल्याखालची आग बारीक करून
तो फोन उभा करतो लाल चटणीच्या बाटलीला टेकवून.
दर शुक्रवारी नवा भाग.
डोंगर, वळणावर बस, बसच्या टपावर बोकड,
एक मुलगा, ज्याला कतारला जायचंय,
आणि एक मुलगी, जी त्याला जाऊ नको म्हणत नाही.
तेवढंच.
आठ भाग झाले, अजून हातसुद्धा धरलेला नाही.
मी म्हटलं, आमच्याकडं एवढ्यात दोन लग्नं आणि एक खून झाला असता.
खेम म्हणाला, चढ आहे ना दादा, दम लागतो.

लिपी आपलीच. म्हणून मी वाचत सुटतो आणि फसतो.
पडद्यावर आलं: घाम.
म्हटलं, दमला बिचारा.
खेम हसता हसता खोकायला लागला.
घाम म्हणजे ऊन. ती म्हणतेय, ऊन पडलंय, ये.
आणि माया?
आपल्याकडं ती आई लावते,
गाईला वासराची असते,
संतांना नको असते.
त्यांच्याकडं विशीतली पोरं करतात ती,
बसथांब्यावर उभं राहून,
भर घामात.

गंगव्वा माझी बायको. वडगावच्या मागावर तिचे कान गेले,
निम्मे. उरलेले निम्मे ती माझ्यावर खर्च करत नाही.
जुळलं ते त्याच खडखडाटात.
मी मालकाची पाटी घेऊन गेलो होतो,
ती कन्नडात काहीतरी म्हणाली, मी मराठीत होय म्हणालो.
मला ऐकूच आलं नव्हतं.
काय विचारलं होतं, ते एकवीस वर्षांत तिनं सांगितलं नाही.
ती ओठ वाचते. कन्नड, मराठी, आता हे खेमचंही.
भाषा कुठली ते ओठांवर लिहिलेलं नसतं, म्हणते.

मग तो शुक्रवार.
मुलगा कतारात, मुलीच्या दारात वाजंत्री.
खेमनं फोन पालथा घातला.
त्याची मनसरा तिकडं वर कुठंतरी,
तीन महिने तिच्या गावात रेंज नाही.
हे त्यानं मला सांगितलं नाही,
तो बाटल्या पुसत होता, पुसलेल्याच परत.
वहिनी, तुम्ही बघा. आणि मला सांगा.

गंगव्वानं बघितलं. आवाज बंद, तिला काय फरक.
एक मालगाडी गेली, लांबलचक,
पातेल्यातली वाफ निवली.
मग ती एकच शब्द म्हणाली:
निंताळ.

आता निंताळ म्हणजे उभी राहिली.
आणि निंताळ म्हणजे थांबली.
पाटावर उभी राहिली की त्याच्यासाठी थांबली,
ते तो शब्द सांगत नाही, त्याला दोन्ही चालतं.
पण मी तिच्या खांद्यावरून बघितलं होतं,
लाल साडी, हिरव्या मण्यांची माळ,
भांगातला शेंदूर सांडून नाकाच्या शेंड्यावर.
खेम माझ्याकडं बघत होता, हातात चिमटा तसाच.
गावातल्या कुठल्याही दुकानदाराला विचारा,
तीस वर्षांत माझ्या हातून काना-मात्रा हललेली नाही.
म्हटलं,
थांबलीय.

त्यानं फोन सरळ केला, पण चालू नाही केला.
आम्हाला एक प्लेट जास्त दिली, पैसे घेतले नाहीत,
मला ते मोमो गिळवेनात.

घरी जाताना गंगव्वाला विचारलं,
तू खरं काय बघितलीस?
गल्लीतले दिवे गेले होते,
माझे ओठ तिला दिसले नसणार.
ती म्हणाली,
होय की.