डाव्या नाकपुडीची चूक

सहा दहाची पहिली बस मी चालवते,
वळणावळणानं खाली, पिवळी, वेळेवर.
खोऱ्यात सगळ्यांना माझा चेहरा ठाऊक आहे.
एक बाबा सोडून.
ते खिडकीशी बसतात, बर्फाकडे बघत,
आणि अदबीनं विचारतात,
"बाई, तुम्ही कोणाच्या?"

मेणबत्त्यांचा सण उरकला, तशी संध्याकाळी
गोठ्यामागे मी कोट उलटा करून घातला.
वर दोन बोकडांची कातडी, कमरेला गाईची घंटा,
बुटांवर गोणपाट, पावलांवरून कुणी ओळखू नये म्हणून.
पूर्वी हे फक्त बिनलग्नाच्या पोरांचं काम.
मीही बिनलग्नाचीच;
बाकीचं कातड्याखाली झाकलं जातं.

मग खुंटीवरून काढला बाबांनी कोरलेला मुखवटा:
पाइनचं लाकूड, धुरानं काळंठिक्कर,
वाकडं तोंड, त्यात खरे गाईचे दात.
आत अजून त्यांच्या तंबाखूचा वास.
डोळ्यांची भोकं त्यांच्या मापाची,
मला एका वेळी एकाच डोळ्यानं दिसतं.

गल्लीत आरडाओरडा. रीडरांची पोरं पळाली.
क्रेसेन्झच्या तोंडाला मी मूठभर बर्फ चोळला,
तिनं मनापासून शिव्या घातल्या.
किती वर्षांनी इतकं मोकळं वाटलं.

आमच्याच घराचं दार लाथेनं उघडलं.
घंटा खणाणली, फडताळातल्या कपबशा हादरल्या.
बाबा दचकले नाहीत.
उठले, लाकडावरून अंगठा फिरवत गेले
आणि डाव्या नाकपुडीशी थांबले.
"इथं छिन्नी घसरली होती," म्हणाले.
"थेओडुलची गाय अडली होती त्या रात्री.
आणि पाळण्यातून पोरगी किंचाळली.
आमची फ्रेनी."

माझं नाव. लाकडाला सांगितलेलं.

मुखवट्यानं बोलायचं नाही, अशी रीत.
मी बोलले नाही. घंटा तेवढी हलली, श्वासानं.
काढावा का? एका हाताचं काम होतं.
पण खाली तीच बाई होती,
जिला ते ओळखत नाहीत.

चुलीतली काजळी बोटावर घेऊन
त्यांच्या गालावर ओढली.
ते हसले. त्यांचे दात मुखवट्यापेक्षा कमी.

सकाळी सहा दहा.
पहिल्या थांब्यावर इग्नाट्झचा धाकटा चढला,
पास दाखवला, नाक उडवलं,
"बसमध्ये बोकड आहे का?"
मी दार लावलं, गिअर टाकला.
कानामागची काजळी
आरशात दिसली, तीही दुपारी.