उतार

चावी फिरवली की टक्. एवढंच.
हॉर्न ठणठणीत, हेडलाइटही मंद होत नाही,
म्हणजे बॅटरी बिचारी निर्दोष.
"किती दिवस झाले, काकू?"
कर्णिककाकू पर्सची चेन उघडझाप करत राहिल्या.

पान्याच्या दांड्यानं स्टार्टरला दोन टोले दिले.
घरघरला. मग पुन्हा टक्.
निगेटिव्ह काढला, खाली शिरलो,
वरचा बोल्ट आला, खालचा रुसला,
चौदाचा पाना सटकून बोटाचं सालटं निघालं.
बेंचवर उघडला तर
कार्बन झिजून नखाएवढे,
आत काळी बुकटी, काजळासारखी.

तेव्हा कळलं
अँटॉप हिलच्या त्या उतारावरच
पावसाळाभर ही गाडी का उभी असायची.
हँडब्रेक सोडायचा, सेकंड टाकून क्लच,
धक्का मारायला कुणाला हाक मारायची नाही.
"हे गेल्यापासून," त्या म्हणाल्या,
आणि पुढं काही नाही.

इद्रिसनं कुर्ल्याहून रीकंडिशन आणला,
वॉरंटी तोंडी.
पहिल्या चावीला गाडी अशी उठली
की काकू दचकल्याच.

परवा तिकडनं जाताना पाहिलं,
गाडी उतारावरच.
पुढच्या चाकाखाली मात्र
आता वीट.